मॅच आमची, फाइल कुठाय?

पीसीगेमिंगविकी नावाचा एक विकी २०१२ पासून चालू आहे. त्यात गेमच्या पानावर एक ठरलेला तक्ता असतो: सेटिंग्ज कुठल्या फोल्डरमध्ये सापडतील आणि सेव्ह केलेला खेळ कुठल्या फोल्डरमध्ये. स्टीमवरून घेतला असेल तर इथे, मायक्रोसॉफ्ट स्टोअरवरून घेतला असेल तर तिसरीकडेच कुठेतरी. ही सगळी माहिती लोकांनी फुकट, आपापले शनिवार-रविवार घालून गोळा केली आहे. त्यांना माझा दंडवत. पण मंडळी, जरा विचार करा. मशीन माझं, हार्ड डिस्क माझी, गेमचे पैसे मी मोजले, मॅचही मीच खेळलो, आणि तिची फाइल कुठे आहे हे कळायला मला विकी उघडावा लागतो! उद्या स्वतःच्या स्वयंपाकघरात साखरेचा डबा कुठे आहे हे बघायला तलाठ्याकडून उतारा आणायला लावतील.

हे मी ऑफिसात जेवताना बोललो तर उत्तर मिळालं, "अरे, गेमच्या फाइलींचं काय एवढं घेऊन बसलास!" म्हणून आधी ही फाइल असते काय ते सांगतो.

रिप्ले म्हणजे मॅचचा व्हिडिओ नव्हे (निदान या जातीच्या खेळांत तरी नव्हे). १९९३ चा डूम घ्या. तो सेकंदाला ३५ ठोक्यांनी चालतो, आणि दर ठोक्याला एका खेळाडूने काय केलं, म्हणजे पुढे गेला, वळला, गोळी झाडली, हे चार बाइटमध्ये लिहून ठेवतो. सेकंदाला १४० बाइट. एका १.४४ एमबीच्या फ्लॉपीत जवळजवळ तीन तासांचा खेळ! डूममधले 'रँडम' आकडेसुद्धा २५६ आकड्यांच्या एका ठरलेल्या तक्त्यातून येतात, त्यामुळे तीच बटणं त्याच क्रमाने दाबली की तोच खेळ पुन्हा जसाच्या तसा घडतो. रेकॉर्डिंगमध्ये राक्षस नाही, भिंती नाहीत, फक्त खेळणाऱ्याची बोटं आहेत.

आपल्या पिढीच्या हॉस्टेलांचा राष्ट्रीय खेळ म्हणजे एज ऑफ एम्पायर्स २, सन १९९९. त्याचंही तत्त्व हेच. त्याच्या दोन प्रोग्रॅमरांनी २००१ साली एक पेपर लिहिला, नावच 'अठ्ठावीस पॉइंट आठच्या मोडेमवर पंधराशे धनुर्धारी' अशा अर्थाचं. एवढ्या सैन्याची हालचाल त्या मोडेमवरून पाठवणं अशक्य, म्हणून खेळाडूंचे फक्त हुकूम पाठवायचे आणि प्रत्येक मशीनने आख्खं युद्ध आपापल्या घरी तंतोतंत सारखं लढायचं. हुकूम वायरवरून जातच असतात, ते फाइलीतही उतरवले की झाला रिप्ले. जवळपास फुकट.

बुद्धिबळात हेच शंभरेक वर्षांपासून आणखी किती तरी आधीपासून चालू आहे. नागपूरच्या दिव्या देशमुखने जुलै २०२५ मध्ये बाटुमीला कोनेरू हम्पीला हरवून महिलांचा विश्वचषक जिंकला. त्या डावांच्या चाली पीजीएन नावाच्या साध्या टेक्स्ट फाइलीत मिळतात. नोटपॅडमध्ये उघडा, वाचा, पटावर मांडा, तिने घोडा तिथे का नेला यावर रात्रभर भांडा. कुणाची परवानगी नाही, लॉगिन नाही. आमच्या मॅचेसना विश्वचषकाची सर नाही, कबूल. पण वहीत चाली लिहून ठेवायचा हक्क शाळेतल्या पोरालाही असतो की नाही?

आता ही वही गेली कुठे ते बघा. मूळ एज ऑफ एम्पायर्स २ मध्ये ती गेमच्याच फोल्डरात, 'सेव्हगेम' नावाच्या डब्यात असायची. सरळ, डोळ्यांसमोर. मग २००७ च्या जानेवारीत विंडोज व्हिस्टा बाजारात आली. प्रोग्रॅम फाइल्समध्ये कुणीही उठून लिहू नये असं मायक्रोसॉफ्टने ठरवलं. ते बरोबरच होतं, यावर माझं भांडण नाही. पण जुने गेम मोडू नयेत म्हणून त्यांनी एक जादू केली. गेम आपल्या फोल्डरात लिहितोय असं त्याला भासवायचं आणि फाइल मात्र गुपचूप व्हर्च्युअलस्टोअर नावाच्या दुसऱ्याच फोल्डरात टाकायची, तोही अ‍ॅपडेटाच्या आत. अ‍ॅपडेटा मुळातच लपवलेला! म्हणजे गेमला फाइल दिसते, माणसाला दिसत नाही. ज्याची वस्तू तोच आंधळा.

गंमत अशी की त्याच व्हिस्टाने प्रत्येकाच्या घरात 'सेव्ह्ड गेम्स' नावाचा एक स्वतंत्र फोल्डरही दिला होता. याच कामासाठी! किती तरी गेमवाल्यांनी त्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही. कुणी डॉक्युमेंट्समध्ये पथारी पसरली (आणि तो फोल्डर वनड्राइव्हला जोडलेला असला की तिथल्या फुकटच्या ५ जीबीमध्ये तुमच्या बायोडेटाशेजारी तुमच्या लढाया जाऊन बसतात), कुणी अ‍ॅपडेटाच्या तीन पोटफोल्डरांपैकी एक धरला. एज ऑफ एम्पायर्स २ ची २०१९ ची डेफिनिटिव्ह एडिशन युजरच्या फोल्डरात 'गेम्स' असं स्वतःचंच नवं घर बांधते, त्यात गेमच्या नावाचा फोल्डर, त्यात स्टीमचा सतरा आकडी नंबर, त्यात सेव्हगेम. निदान फाइलीच्या नावात तारीख आणि व्हर्जन लिहिते, एवढे उपकार. मायक्रोसॉफ्ट स्टोअरचा थाट सगळ्यात वरचा. गेम विंडोजअ‍ॅप्स नावाच्या कुलूपबंद फोल्डरात. त्याच्या दाराशी अ‍ॅडमिनिस्ट्रेटरलाही 'परवानगी नाही' ऐकावं लागायचं. पुढे एक्सबॉक्सगेम्स नावाचा उघडा फोल्डर आला तेव्हा जरा हवा आली. पण सेव्ह केलेला खेळ? तो बऱ्याचदा अजूनही अ‍ॅपडेटातच, आकडे-अक्षरांची खिचडी असलेल्या, एक्स्टेन्शनही नसलेल्या फाइलींत.

याने कुणाचं काय बिघडतं? माझ्या मावसभावाचं बिघडलं. इंजिनीअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे. कॉलेजच्या गेमिंग स्पर्धेत त्याची टीम सेमीफायनल जिंकली आणि समोरच्यांनी तक्रार केली की यांनी मॅप हॅक वापरला, म्हणजे न दिसणारा नकाशा बघत खेळले. आयोजक म्हणाले, उद्या सकाळपर्यंत रिप्लेची फाइल द्या. मागणी रास्त होती. अंधारातल्या वस्तूवर कुणी आधीच रोख धरला होता का, ते हुकमांवरून कळतं. रात्री अकराला याचा फोन, "दादा, गेममध्ये मॅच दिसतेय, पण फाइल कुठाय?" गेममध्ये 'बघा' असं बटण होतं, 'फाइल द्या' असं नव्हतं. (गेमचं नाव मुद्दाम सांगत नाही, रोग एकाचा नाही.) दूरवरून त्याच्या स्क्रीनवर बसून चाळीस मिनिटांत आम्ही ती शोधली, चार फोल्डर खोल, नावाच्या जागी बत्तीस अक्षरं. सकाळी त्याने ती नेऊन दिली. रात्रीतून गेमचं अपडेट आलं होतं. आयोजकांच्या मशीनने सांगितलं, ही फाइल जुन्या व्हर्जनची आहे, उघडणार नाही. झालं! मॅच समोरच्यांना दिली आणि पोराच्या नावामागे वर्षभर 'चीटर' लागलं. पुरावा खिशात पेन ड्राइव्हवर होता, बरं का.

व्हर्जनचं दुखणं खरं आहे, ते तांत्रिक आहे. फाइलीत फक्त हुकूम आहेत. नियम बदलले, एखाद्या भालेकऱ्याची ताकद एकाने वाढली, की तेच हुकूम वेगळीच लढाई घडवतात. त्यामुळे नव्या व्हर्जनने जुनी फाइल नाकारणं समजू शकतं. समजत नाही ते त्यापुढचं हात झटकणं. लीग ऑफ लेजेंड्सचा रिप्ले पॅच बदलला की गेमच्या दृष्टीने मेला, आणि पॅच तर साधारण दर दोन आठवड्यांनी येतात. उलट स्टारक्राफ्ट २ बघा. रिप्ले डॉक्युमेंट्समध्ये, वाचता येईल अशा नावाने. जुना रिप्ले उघडला तर गेम स्वतःच त्या वेळचं व्हर्जन उतरवून घेतो आणि दाखवतो. म्हणजे जमतं! आणि असे जपलेले रिप्ले किती मोलाचे असतात, तर डीपमाइंडच्या अल्फास्टारने आधी माणसांच्या निनावी केलेल्या मॅचेस बघूनच हा खेळ शिकला आणि २०१९ मध्ये तो ग्रँडमास्टर पातळीला पोचला. डूमचा सोर्स कोड १९९७ च्या डिसेंबरमध्ये खुला झाला, म्हणून नव्वदच्या दशकातली रेकॉर्डिंगं आजच्या लॅपटॉपवर चॉकलेट डूममध्ये चालतात. तीस वर्षांपूर्वीच्या कुणाच्या तरी बोटांची चपळाई आज बघता येते, आणि गेल्या महिन्यातली माझी मॅच बघता येत नाही.

आता माझ्याच जातभाईंची उत्तरं. पहिलं, "सामान्य युजरला फाइली कळत नाहीत." त्याला लग्नाच्या फोटोंच्या फाइली कळतात, इन्कम टॅक्सच्या पीडीएफ कळतात, फक्त तुमच्याच कळत नाहीत होय? दुसरं, "फाइल उघडी ठेवली तर लोक चीटिंग करतील." संपलेल्या मॅचमध्ये? निकाल सर्व्हरवर नोंदला गेला, आता फाइलीत खाडाखोड करून कोण कुठला चषक नेणार? फार शंका असेल तर सही करा फाइलीवर, तेही तंत्र जुनंच आहे. तिसरं, "सगळं क्लाउडवर असतं." क्लाउडमध्ये काय जाणार आणि किती दिवस राहणार हे गेम बनवणारा ठरवतो, मी नाही. आणि चौथं, जे कुणी मोठ्याने म्हणत नाही: हे काम कुणाच्याच स्प्रिंटमध्ये बसत नाही. हे एकच मला खरं वाटतं.

काम तरी केवढं? स्टीमवर गेमच्या नावावर राइट क्लिक केलं की लोकल फाइल्सचा फोल्डर उघडून मिळतो. गेम कुठे इन्स्टॉल झालाय हा प्रश्न तिथे संपला. तस्संच एक बटण रिप्लेच्या यादीशेजारी हवं: फोल्डर उघडा. फाइलीच्या नावात तारीख, खेळाडू, व्हर्जन. आणि जुनं व्हर्जन उतरवायची सोय.

ते होईपर्यंत माझी पद्धत अशी. दोन मिनिटांची मॅच खेळायची, बाहेर पडायचं, आणि आपल्या युजर फोल्डरात, लपवलेल्या फाइली दिसतील असं करून, आजच्या तारखेला बदललेल्या फाइली शोधायच्या. सगळ्यात ताजी, बहुधा तीच. सापडली की कॉपी करायची, आणि ती कुठल्या व्हर्जनची आहे ते शेजारी टेक्स्ट फाइलीत लिहायचं. मावसभाऊ आता प्रत्येक मॅचनंतर हे करतो.

बाकी ते बटण कुणी खरंच घालणार असेल तर कोड रिव्ह्यूला माझं नाव टाका. रविवार असला तरी बघीन.