विश्लेषण : प्रत्येक सुजलेला पाय हत्तीरोगाचा नसतो! रक्तवाहिन्यांचे आजार वेळेत कसे ओळखावेत?

धानाच्या रोवणीच्या दिवसांत केशोरी परिसरातील बांध्यांमध्ये सकाळपासून वाकून, चिखलात उभे राहून काम चालते. संध्याकाळी पोटरीत कळ आली किंवा पाय सुजला, तर त्याचे कारण घरातच ठरते. थकवा असेल, वात असेल, नाहीतर हत्तीपाय असेल. मग तेलाची मालिश होते, गरम पाण्याचा शेक दिला जातो. बऱ्याचदा तेवढ्याने बरेही वाटते. पण काही वेळा दुखणे रक्तवाहिनीचे असते. अशा वेळी चुकीचा घरगुती उपाय आणि वाया गेलेले तास यांची किंमत पाय गमावून, प्रसंगी जीव गमावून मोजावी लागते.

पायात नेमके बिघडते काय?

अर्जुनी मोरगाव तालुक्यातील इटियाडोह धरणाचे उदाहरण घेऊ. कालवा बांधीत पाणी आणतो आणि जादा पाणी नालीतून बाहेर जाते. पायातही तसेच आहे. धमन्या हृदयाकडून रक्त आणतात, शिरा ते परत नेतात. पेशींभोवती पाझरलेला द्रव लसीकावाहिन्या गोळा करतात. कालवा बुजला तर पीक वाळते, नाली तुंबली तर बांधी पाण्याने भरते. म्हणूनच धमनी बंद पडलेला पाय गार आणि फिका पडतो, तर शीर किंवा लसीकावाहिनी तुंबलेला पाय सुजतो. तिन्हींवरचे उपचार वेगळे आहेत. एकाचा उपाय दुसऱ्यावर केला, तर अपाय होऊ शकतो.

धमनी अरुंद झाल्याची लक्षणे कोणती?

ठरावीक अंतर चालल्यावर पोटरीत गोळा येतो, दोन-चार मिनिटे थांबले की जातो आणि पुन्हा तेवढेच चालले की परत येतो. ही पहिली खूण. आजार वाढला की रात्री झोपेतही पाय दुखतो आणि खाटेखाली लोंबकळत सोडला की बरे वाटते. त्यानंतर बोटांवर न भरणाऱ्या जखमा होतात, बोटे काळी पडू लागतात. तंबाखू, मधुमेह, उच्च रक्तदाब आणि वाढलेले कोलेस्टेरॉल ही यामागची मुख्य कारणे. मधुमेहात नसा बधिर झालेल्या असतील तर वेदना जाणवतच नाही, त्यामुळे धोका आणखी वाढतो.

तरुण वयात हाता-पायाच्या धमन्या बंद पाडणारा ‘बर्जर’ हा आजार वेगळा. लिओ बर्जर या डॉक्टरांनी १९०८ मध्ये त्याचे सविस्तर वर्णन केले. तो जवळपास नेहमी तंबाखू घेणाऱ्यांनाच होतो. बिडी उद्योगासाठी ओळखल्या जाणाऱ्या आणि पानठेल्यावर खर्रा सहज मिळणाऱ्या जिल्ह्याने याकडे गांभीर्याने पाहायला हवे. या आजारात तंबाखू कमी करून भागत नाही. ती पूर्ण सोडणे हाच मुख्य उपचार आहे.

शिरांचे आजार कसे ओळखावेत?

शिरांमधील झडपा सैल झाल्या की रक्त खाली साचते. पायावर निळसर, वेड्यावाकड्या गाठी दिसतात, संध्याकाळी सूज येते, घोट्याजवळची त्वचा काळवंडते आणि पुढे तिथे जखम होते. तासन्तास उभे राहून काम करणाऱ्यांमध्ये हा त्रास जास्त आढळतो.

एकच पाय अचानक सुजला, गरम लागला आणि दुखू लागला, तर खोल शिरेत गुठळी झाल्याची शंका घ्यावी. शस्त्रक्रिया, बाळंतपण किंवा बरेच दिवस अंथरुणाला खिळल्यानंतर हा धोका वाढतो. अशा पायाला मालिश करू नये. गुठळी सुटून फुप्फुसात गेली तर धाप लागते, छातीत दुखते आणि मृत्यूही ओढवू शकतो.

मग हत्तीरोग कोणता?

गोंदिया हा हत्तीरोगाचा प्रादुर्भाव असलेल्या जिल्ह्यांपैकी एक आहे. क्युलेक्स डासामार्फत शरीरात शिरलेले जंत लसीकावाहिन्यांचे नुकसान करतात. सूज हळूहळू, अनेक वर्षांत वाढते. मधूनमधून ताप येतो, जांघेत गाठ येते. जंतूंची पिले रात्री रक्तात येत असल्याने नमुना रात्री घेतला जातो. म्हणजे काल चांगला असलेला आणि आज अचानक सुजलेला पाय ‘हत्तीपाय’ म्हणून घरी ठेवणे धोक्याचे आहे.

निदानासाठी थेट नागपूर गाठावे लागते का?

सुरुवातीला नाही. पावलाच्या वरच्या भागावर आणि आतल्या घोट्यामागे दोन बोटे ठेवून डॉक्टर नाडी तपासतात. नंतर रक्तदाबाचा पट्टा आणि हातात मावणारे डॉप्लर यंत्र वापरून घोट्याचा रक्तदाब मोजतात आणि त्याला दंडाच्या रक्तदाबाने भागतात. दंडात १३० आणि घोट्यात ७८ असेल, तर उत्तर ०.६ येते. ०.९ किंवा त्याहून कमी आकडा धमनीत अडथळा असल्याचे सांगतो. मधुमेहात धमन्या कडक झाल्या असतील तर आकडा १.४ च्या वर जाऊन फसवा ठरू शकतो. पुढची खात्री कलर डॉप्लर सोनोग्राफीने होते. शिरेतील गुठळीही तीत दिसते.

उपचार काय?

धमनीच्या आजारात तंबाखूबंदी, नियमित चालण्याचा व्यायाम, रक्त गोठू न देणाऱ्या आणि कोलेस्टेरॉल कमी करणाऱ्या गोळ्या दिल्या जातात. गरज पडल्यास अँजिओप्लास्टी किंवा बायपास केली जाते. फुगलेल्या शिरांसाठी पाय उंच ठेवणे, घट्ट मोजे आणि लेझर हे उपाय आहेत. खोल शिरेतील गुठळीवर रक्त पातळ करणारे औषध किमान तीन महिने घ्यावे लागते. मात्र धमनी बंद असलेल्या पायावर घट्ट मोजे चढवले, तर उरलासुरला रक्तपुरवठाही तुटू शकतो. त्यामुळे दुकानातून मोजे आणण्याआधी पायाची नाडी तपासून घ्यायलाच हवी.

धावपळ कधी करावी?

पाय अचानक गार, फिका, बधिर पडला, असह्य दुखू लागला किंवा हलेनासा झाला, तर धमनीत गुठळी अडकलेली असू शकते. साधारण सहा तासांत रक्तपुरवठा सुरू झाला नाही, तर पाय कापण्याची वेळ येऊ शकते. केशोरी जिल्ह्याच्या दक्षिण टोकाला आहे आणि गोंदियाचे वैद्यकीय महाविद्यालय उत्तरेला. त्यामुळे मालिश आणि शेकात घालवलेला तास परवडणारा नाही. १०८ वर फोन करून ‘पाय गार पडला आहे’ आणि ‘इतक्या वाजल्यापासून’ हे स्पष्ट सांगावे. पाय शेकू नये, चोळू नये, घट्ट बांधू नये.

व्यवस्थेने काय करावे?

३० वर्षांवरील नागरिकांची रक्तदाब, मधुमेह आणि काही कर्करोगांसाठी तपासणी सरकारी कार्यक्रमातून होते. त्याच वेळी मधुमेही आणि तंबाखू घेणाऱ्या व्यक्तीला चप्पल काढायला सांगून पायाची नाडी पाहिली, तर फार वेळ लागणार नाही. दुर्गम भागातील प्रत्येक प्राथमिक आरोग्य केंद्रात हातातले डॉप्लर असावे, ही मागणीही अवाजवी नाही. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत प्रतिकुटुंब वर्षाला पाच लाख रुपयांचे संरक्षण आहे. आपला उपचार त्यात बसतो का, हे रुग्णालयातील आरोग्यमित्राला विचारावे. मात्र योजना रुग्णालयाच्या दारातून पुढे कामाला येते. त्या दारापर्यंत पाय वेळेत पोहोचवायचा, तर गावातच तो तपासला गेला पाहिजे.