ससा हसराच हवा

विनी द पू या गोजिरवाण्या अस्वलाचं १९२६चं पुस्तक २०२२मध्ये अमेरिकेत स्वामित्वहक्कातून सुटलं आणि पुढच्याच वर्षी ते अस्वल पडद्यावर माणसं मारत सुटलं. हातात हत्यार दिलं, रक्त सांडलं, झालं काम! गमत्या पात्राला काळोखात कसं न्यायचं, हे खरं तर रॉबर्ट झेमेकिसने १९८८मध्येच ‘हू फ्रेम्ड रॉजर रॅबिट’ या चित्रपटातून दाखवलं होतं. १९४७चं लॉस एंजेलिस, भावाच्या खुनानंतर दारूत बुडालेला खासगी गुप्तहेर, खुनाचा आळ आलेला कार्टून ससा आणि कार्टूनांना विरघळवणारं रसायन बाळगणारा न्यायाधीश. त्याचा डाव काय, तर शहरातली ट्राम विकत घेऊन बंद पाडायची, कार्टूनांची वस्ती उठवायची आणि तिथून महामार्ग काढायचा. म्हणजे अखेर मामला जमिनीचाच, थेट ‘चायनाटाउन’ या चित्रपटाच्या जातकुळीतला. ससा मात्र शेवटपर्यंत बावळटच राहतो. जीव टांगणीला लागला तरी त्याला विनोद केल्यावाचून राहवत नाही. म्हणूनच भोवतालचं शहर किती सडलंय ते कळतं. लाडक्या पात्राला दात विचकायला लावणं सोपं. त्याला हसतं ठेवून जग काळं रंगवायचं तर पटकथा लिहावी लागते.