स्वतःच्याच भूमिकेत

कॅमेरा समोर आला की माणूस सावरून बसतो. एरवी कपाळाला आठ्या घालून हिंडणारे काकासुद्धा लग्नाच्या व्हिडिओत हसून हात हलवतात. त्यामुळे माहितीपटात एखादा स्थानिक माणूस ‘स्वतःच्या भूमिकेत’ दिसला, की माझा त्याच्यावर चटकन विश्वास बसत नाही. लिओनार्ड नाइटवर मात्र बसला.

कॅलिफोर्नियाच्या दक्षिण टोकाला, भर वाळवंटात सॉल्टन सी नावाचं खारं सरोवर आहे. १९०५ मध्ये कोलोरॅडो नदी कालवा फोडून तिथल्या खोलगटात शिरली, त्यातून ते तयार झालं. काही दशकं तिथे पर्यटकांची झुंबड होती. पुढे पाणी अधिकच खारट झालं, मासे मेले, माणसं पांगली. काठावरच्या एका पडक्या वस्तीचं नाव चक्क बॉम्बे बीच! असला मुलूख माहितीपटवाल्यांना भावला नसता तरच नवल. ‘प्लेग्ज अँड प्लेझर्स ऑन द सॉल्टन सी’मध्ये तऱ्हेवाईक रहिवाशांची रांगच लागते. त्या रांगेत नाइट आहे.

जवळच स्लॅब सिटी आहे. दुसऱ्या महायुद्धातला लष्करी तळ उठला आणि सिमेंटचे चौथरे मागे राहिले. त्यांवर लोक नळ-विजेशिवाय राहतात. नाइट तिथे १९८४ मध्ये आला आणि देवाच्या नावाने डोंगर रचू लागला. सिमेंट-वाळूचा तो डोंगर १९८९ मध्ये कोसळला. मग त्याने माती आणि गवत कालवून नव्याने आरंभ केला, वर रंगांचे थरावर थर चढवले. सुमारे ५० फुटांचा हा ‘सॅल्व्हेशन माउंटन’. त्यावरचा मुख्य संदेश एवढाच, की देव म्हणजे प्रेम.

कॅमेरे आपापला चष्मा लावून येत. कुणाला उद्ध्वस्त अमेरिका हवी असे, कुणाला वेडा पीर. नाइट वाट चुकून आलेल्या प्रवाशालाही डोंगर फिरवून दाखवी, तेच कॅमेऱ्यालाही दाखवी. शॉन पेनच्या ‘इनटू द वाइल्ड’ (२००७) या कथापटातही तो आहे. कथा नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीची, म्हणजे पंचाहत्तरीचा नाइट साठीच्या नाइटची भूमिका करतोय. समोर एमिल हर्श आणि क्रिस्टन स्टुअर्ट, कसलेले नट. तरी त्या प्रसंगात अभिनय त्यांच्याकडे दिसतो. हा आपला डोंगर दाखवतोय.

त्याला भाबडा समजणं सोपं आहे. मला तो पक्का व्यवहारी वाटतो. १९९४ मध्ये रंगांमुळे जमीन विषारी झाल्याचं सांगत स्थानिक प्रशासन डोंगर पाडायला निघालं, तेव्हा त्याने येणाऱ्याजाणाऱ्यांच्या सह्या गोळा केल्या आणि डोंगर वाचवला. साक्षीदार जितके जास्त, तितका डोंगर सुरक्षित, हे त्याला ठाऊक असणार. २०१४ मध्ये, ८२ व्या वर्षी तो गेला. दिग्दर्शकांना त्याच्यात एक पात्र सापडलं. त्याला त्यांच्यामुळे पाहुणे मिळत गेले, आणि त्यातले कितीतरी येताना रंगाचे डबे घेऊन आले. या सौद्यात नाइटचा तोटा झाला असं मला तरी वाटत नाही.