वीरा साथीदार : पडद्यावरचा शाहीर, चळवळीतला माणूस



सिनेनट म्हटला की आपल्या मुलांच्या डोळ्यांपुढे बंगला, मोटार आणि मारामारी उभी राहते. आपल्या नागपूरचे वीरा साथीदार त्या वळणाचे नट नव्हते. आंबेडकरी चळवळीत उभे आयुष्य घातलेला हा माणूस कवी होता, 'विद्रोही' नियतकालिकाचा संपादक होता. सिनेमा त्यांच्या वाट्याला उशिरा आला, आणि आला तोही शाहिराच्या वेषात.

चैतन्य ताम्हाणे यांच्या 'कोर्ट' या चित्रपटात त्यांनी नारायण कांबळे उभा केला. मुलांच्या शिकवण्या घेणारा हा वृद्ध लोकशाहीर. मुंबईच्या वस्तीत कार्यक्रम चालू असताना पोलीस त्याला धरून नेतात. आरोप काय, तर त्याचे गाणे ऐकून एका गटार सफाई कामगाराने जीव दिला! वीरा यात मोठमोठी भाषणे करीत नाहीत. आरोपी म्हणून ते शांतपणे उभे राहतात, आणि तो शांतपणाच आपल्याला अस्वस्थ करतो.

२०१४ साली व्हेनिसच्या महोत्सवात हा चित्रपट गौरवला गेला. पुढच्या वर्षी सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि ऑस्करसाठी भारतातर्फे त्याचीच निवड झाली. शाहिराला कोठडीत टाकणाऱ्या व्यवस्थेची गोष्ट देशाने आपली म्हणून जगापुढे पाठवली, हे विसरता येणार नाही.

आम्हांस मात्र पुरस्कारांपेक्षा त्यातली विधवेची साक्ष मोठी वाटते. नवऱ्याजवळ ना मुखवटा होता, ना हातमोजे; दुर्गंधी सहन व्हावी म्हणून तो दारू पिऊन गटारात उतरे. ती हे रडून सांगत नाही, रोजचे सांगावे तसे सांगते. सुरक्षा साधनांशिवाय माणसाला गटारात उतरविण्यास २०१३ च्या कायद्याने बंदी आहे. तरीही गुदमरून मेल्याच्या बातम्या थांबलेल्या नाहीत. मरणारे कोणत्या समाजाचे असतात, हे आपणांस सांगायला नको.

सत्यशोधकी जलशाने गावोगाव माणसे जागी केली. भीमराव कर्डकांच्या जलशाने बाबासाहेबांचा विचार अक्षरओळख नसलेल्या आयाबायांपर्यंत नेला. गाण्याची सत्तेला धास्ती वाटते ती यामुळेच. वीरांचा नारायण कांबळे त्याच घराण्यातला.

१३ एप्रिल २०२१ रोजी, जयंतीच्या आदल्या दिवशी, कोरोनाने नागपूरच्या एम्समध्ये त्यांचे निधन झाले. रुग्णालयांत खाटा मिळत नव्हत्या, सभांना बंदी होती. एरवी ज्याच्यामागे हजारो लोक चालले असते, त्याला आपण घरात बसूनच निरोप दिला.

म्हणून मौद्याच्या आणि आसपासच्या खेड्यांतल्या मंडळांना आमची विनंती आहे. जयंतीच्या वर्गणीत डीजेचा आकडा मोठा असतो. त्यातला थोडा भाग बाजूला काढा. १३ एप्रिलच्या संध्याकाळी विहारात 'कोर्ट' दाखवा आणि माता-भगिनींना पुढे बसवा. नंतर अर्धा तास चर्चा ठेवा. आपल्या गावातली गटारे कोण साफ करतो, त्याला हातमोजे आणि बूट मिळतात काय, एवढे दोन प्रश्न जरी मुलांनी विचारले आणि त्यांचे निवेदन नगर पंचायतीत पोचले, तरी वीरा साथीदारांचे स्मरण झाले असे आम्ही समजू.

जयभीम!