गाण्याला जामीनदार

गाणं कानावर पडलं की आपल्या लोकांचा पहिला प्रश्न काय असतो? गायलं कुणी, लिहिलं कुणी, चाल कुणाची, यातलं काही नाही. प्रश्न एकच : "कोणत्या पिच्चरचं?" गाण्याला आईबाप नसले तरी चालतील, पिच्चर पाहिजे. नाव सांगता आलं की ऐकणाऱ्याचा चेहरा उजळतो, मान डोलायला लागते. "पिच्चरचं नाही, असंच आहे," म्हटलं की तो "असंच?" म्हणतो आणि फाटकी नोट परत करावी तसा मोबाइल आपल्या हातात परत देतो.

मी बँकेत कारकून आहे. बी.कॉम. होऊन वीस वर्षं काउंटरमागं काढली की माणसाला सगळं जग जमा आणि नावे या दोन रकान्यांत दिसायला लागतं. तर वाचकहो, माझं स्पष्ट मत असं, की हा प्रश्न गाण्याचा नसून जामिनाचा आहे. बिचारं गाणं आपल्या दारात अर्ज घेऊन उभं राहतं आणि आपण चष्मा कपाळावर चढवून म्हणतो, "तू बरा दिसतोस रे बाबा, पण जामीनदार कोण?" सिनेमानं सही केली की कर्ज मंजूर. तेच गाणं, तोच गळा, तोच ठेका. बदलली ती फक्त सही.

आता हेच पाहा. २०२५ च्या डिसेंबरात 'धुरंधर' आला आणि त्यात अक्षय खन्ना एका अरबी गाण्यावर हात हलवत प्रवेश करता झाला. ते गाणं काही त्या सिनेमासाठी केलेलं नाही. ते बहरीनच्या फ्लिपराची नावाच्या रॅप गायकाचं, आधीच बाजारात आलेलं. त्यानंतरच्या लग्नसराईत आमच्या कड्यात एकही वरात त्याच्यावाचून निघाली नाही. नवरदेवाचे चुलते, ज्यांना हलगीवर पाय उचलायचा म्हटलं तर गुडघ्याचं ऑपरेशन आठवतं, तेसुद्धा बहरीनच्या ठेक्यावर हात हलवत होते. शब्द एकालाही कळत नव्हता. याच वरातीत आष्टी तालुक्यातल्या पोरानं आष्टी तालुक्याच्या भाषेत केलेलं गाणं लावलं असतं, तर "काय म्हनतंय ते समजंना बुवा" अशी तक्रार आली असती. आणि डीजेवाल्याला फर्माईश काय? "अक्षय खन्नाचं लाव!" अक्षय खन्ना त्यात एक अक्षरही गायलेला नाही. पण फ्लिपराची हे नाव घ्यायला जीभ तीनदा वळवावी लागते, आणि तेवढे कष्ट गाणं करणाऱ्यासाठी कोण घेतो?

बरं, आपण मराठी माणसं पूर्वीपासून अशी होतो म्हणावं तर तसंही नाही. १९५५ च्या रामनवमीला पुणे आकाशवाणीवरून 'गीतरामायण' सुरू झालं. छप्पन्न गाणी. गदिमा आणि सुधीर फडके दोघेही सिनेमातली मोठी माणसं, पण म्हणून कुणी "हे कोणत्या बोलपटातलं?" असं विचारलं नाही, लोक वेळ झाली की रेडिओपुढं येऊन बसत. त्याच्याही आधी गजानन वाटवे गणपतीच्या मांडवांतून भावगीतं गात आणि रस्ता माणसांनी भरून जाई. पाडगावकरांचे शब्द, खळ्यांची चाल आणि अरुण दाते-सुधा मल्होत्रांचा आवाज घेऊन 'शुक्रतारा' घराघरात गेला तो कुठल्या पडद्यावरून उतरून नव्हे. म्हणजे बिनजामिनाचं गाणं ऐकायची आपल्याला चांगली सवय होती. ती मोडली कधी, कुणास ठाऊक!

कॅसेटच्या काळात मात्र आपलं पितळ उघडं पडलं. ऐंशीच्या दशकात आनंद शिंदे यांचं ते पोपटाचं गाणं गावोगाव वाजत होतं. रिक्षात, रसवंतीत, जत्रेत, जावळात. प्रल्हाद शिंद्यांसारख्या गायकाचा मुलगा, आवाज असा की लाउडस्पीकर लाजावा. पण आमच्यासारख्या घरांत ते लागलं की वडील रेडिओची बातमी मोठी करत आणि आई खिडकी ओढून घेत असे. "असली गाणी आपल्यात नाही ऐकत!" या 'आपल्यात'मध्ये कोण कोण बसतं आणि कोण बसत नाही, याची यादी कुणी कधी लिहून काढली नाही. सगळ्यांना तोंडपाठ होती. पुढं त्याच आनंद शिंद्यांनी वैशाली सामंतांबरोबर 'जत्रा' सिनेमात 'कोंबडी पळाली' म्हटलं. अजय-अतुलचं संगीत, मोठा पडदा. झालं! त्याच घरांतली माणसं सोसायटीच्या गॅदरिंगला कोंबडीमागं धावायला लागली. २०१२ साली 'अग्निपथ'मध्ये तीच चाल 'चिकनी चमेली' होऊन हिंदीत गेली तेव्हा तर अभिमानानं छाती फुगली. पोपटाला घरात बंदी आणि कोंबडीला पाट-रांगोळी. दोघांना पंख होते. जामीनदार एकालाच होता.

मुंबईचं उदाहरण तर अजून ताजं आहे. कुर्ल्याचा नावेद शेख, म्हणजे नेझी, यानं २०१४ साली 'आफत' नावाचं गाणं एका आयपॅडवर रेकॉर्ड केलं आणि त्याचं चित्रीकरणही त्याच आयपॅडवर उरकलं. अंधेरीचा विवियन फर्नांडिस, म्हणजे डिव्हाइन, हाही स्वतःच्या गल्लीची गाणी करत होता. दोघांनी मिळून २०१५ मध्ये 'मेरे गली में' काढलं. स्वतःची भाषा, स्वतःची गल्ली, मागं स्वतःचेच दोस्त उभे. कॉलेजातल्या पोरांना ते पाठ झालं. मोठ्या माणसांना मात्र त्याचा पत्ता नव्हता. मग १४ फेब्रुवारी २०१९ ला झोया अख्तरचा 'गली बॉय' आला, तेच गाणं रणवीर सिंगच्याही आवाजात त्यात आलं, आणि एकाएकी सगळ्यांना रॅप म्हणजे झोपडपट्टीतला महान आविष्कार असल्याचा साक्षात्कार झाला. आमच्या साहेबांनी रिंगटोन ठेवली. "रणवीरचं आहे," म्हणाले. आमच्याकडं नव्वद दिवस हप्ता आला नाही की खातं एनपीए होतं. इथं साहेबांसारख्या मोठ्या माणसांनी चार वर्षं एक दमडीचंही लक्ष दिलं नव्हतं आणि वर ऐट अशी, की गाण्यावर उपकार आपणच केले!

त्या सिनेमानं एक बरं केलं, हे कबूल करतो. पोरांची नावं पुसली नाहीत. 'अपना टाइम आएगा'च्या गीतलेखनाचं फिल्मफेअर डिव्हाइन आणि अंकुर तिवारी यांना मिळालं. प्रत्येकाच्या नशिबी असा जामीनदार नसतो. पंजाबात कपूरथळ्याला अमरीक सिंग शेरा नावाचे हवालदार होते. शाळेत असताना त्यांनी 'काला चष्मा' लिहिलं. अमर अर्शी यांनी ते गायलं, पंजाबी लग्नांत ते वर्षानुवर्षं वाजलं. २०१६ साली 'बार बार देखो' सिनेमात ते आलं आणि देश नाचला. हवालदारसाहेबांना मिळाले ११,००० रुपये. कुठल्याशा सिमेंट कंपनीच्या उद्घाटनासाठी गाणं पाहिजे, असं सांगून कागदावर सही घेतली, असं त्यांनी तेव्हा वर्तमानपत्रांना सांगितलं. आता सिमेंटवर कोण नाचतं हा प्रश्न हवालदाराला पडायला हवा होता, असं कुणी म्हणेल. पण मी रोज पाहतो, सही करणारा माणूस कागद वाचत नाही, समोरच्याचं तोंड वाचतो. आमच्या भाषेत याला एकरकमी तडजोड म्हणतात. फरक एवढाच, की बँकेत ती बुडालेल्या खात्याला देतात. इथं तरत्या खात्याला दिली.

यावर उपाय म्हणून २०१२ साली कॉपीराइटचा कायदा बदलला. जावेद अख्तर यांनी राज्यसभेत त्यासाठी जीव ओतून भाषण केलं होतं. थिएटराबाहेर सिनेमातलं गाणं वाजलं की गीतकार आणि संगीतकाराला मानधनाचा वाटा, आणि तो वाटा त्याच्याकडून लिहून घेता येत नाही, असा तो बदल. कायदा उत्तम आहे. फक्त तो दिल्लीहून कड्याला अजून पोचायचाय. रेल्वे पोचली हो, २०२२ च्या सप्टेंबरात. तिला मंजुरीनंतर पाव शतक लागलं. कायद्याला तर रूळही नाहीत.

तीनेक वर्षांपूर्वीची गोष्ट. आमच्या टेबलाशी एक पोरगा आला. आईबाप ऊसतोडीला. दसरा सरला की कोयता घेऊन टोळीबरोबर कारखान्यावर जाणारं घर. पोरगा आजीजवळ राहून शिकलेला. गाणी लिहितो, म्हणतो, खोलीच्या भिंतींना गोधड्या टांगून रेकॉर्ड करतो. माईक आणि कॉम्प्युटरसाठी त्याला मुद्रा योजनेतलं ५०,००० चं शिशू कर्ज पाहिजे होतं. या कर्जाला तारण लागत नाही, असं सरकारचं म्हणणं. साहेबांनी अर्ज वरखाली केला आणि विचारलं, "कोणत्या पिच्चरमध्ये गायलायस?"

"पिच्चरमध्ये नाही सर. माझंच हाय."

"तुझंच म्हणजे? धंदा काय लिहू इथं?"

पोरानं उत्तर देण्याऐवजी फोनवर गाणं लावलं. फडात पाचटाच्या सावलीला निजवलेल्या तान्ह्या लेकराचं होतं, आई मोळी बांधताबांधता त्याला हाक मारते असं. केवायसीच्या रांगेतल्या दोन बाया तोंडाला पदर लावून ऐकत राहिल्या. एक दुसरीला म्हणाली, "आपलंच हाय की गं हे." साहेबही ऐकत होते, नाही म्हणणार नाही. संपल्यावर म्हणाले, "चांगलंय. पिच्चरला दे. मग ये, बघू." अर्जावर शेरा पडला, उत्पन्नाची शाश्वती नाही. त्याच आठवड्यात त्याच टेबलावरून डीजेच्या गाडीचं कर्ज मंजूर झालं. म्हणजे गाणं वाजवणाऱ्याला पत आहे, गाणं करणाऱ्याला नाही. कारकुनाला मत नसतं, म्हणून मी तेव्हा शिक्का मारला आणि आता लेख लिहितो आहे.

माईक पुढं आला, पण तो बापानं मुकादमाकडून घेतलेल्या जादा उचलीतून. मुकादमानं कोणत्या पिच्चरचं म्हणून विचारलं नाही. त्या माईकचे हप्ते आईबापानं ऊस तोडून फेडले.

तुम्ही म्हणाल, "अहो, पण सिनेमामुळंच तर गाणं लोकांपर्यंत पोचतं!" पोचतं ना. कर्णा म्हणून सिनेमाला माझा रामराम. मोठ्यानं वाजवावं, लांब पोचवावं, पोटभर पैसे मिळवावेत आणि करणाऱ्याचा वाटा त्याला द्यावा. माझं भांडण कर्ण्याला परीक्षक करण्याशी आहे. आणि पूर्वी गाणं ऐकायला तबकडी विकत घ्यावी लागे, आता तेही नाही. सिनेमातलं आणि बिनसिनेमातलं गाणं एकाच फोनमध्ये, एकाच भावात, म्हणजे फुकट, शेजारीशेजारी बसलेलं आहे. तिथंसुद्धा आपलं बोट ओळखीच्या नटाचा फोटो बघूनच टेकतं. भाजी घेताना भेंडी मोडून बघणारी माणसं आपण, गाणं मात्र वेष्टनावरून घेतो!

त्यातून आमच्याकडं लग्नात एक सोय फार चांगली आहे. मंगलाष्टकांच्या आधी माईकवरून तालुक्यातल्या सगळ्या आजी-माजी पदाधिकाऱ्यांची नावं घेतात. सरपंच, उपसरपंच, चेअरमन, व्हाइस चेअरमन, न आलेले आमदार, त्यांच्या वतीनं आलेले त्यांचे पीए. अर्धा-पाऊण तास सहज जातो. त्याच यादीत, वरातीत ज्याच्या गाण्यावर सगळे नाचले त्याचं नाव आणि हलगीवाल्याचं नाव घालावं, असं मी गेल्या दोन लग्नांत सुचवून पाहिलं. मुहूर्त टळेल, असं उत्तर मिळालं. मुहूर्त बारा पस्तीसचा होता. घड्याळात पावणेदोन वाजले होते.