विनोदी मालिकेचा दिग्दर्शक

विनोदी मालिका लोकांच्या स्मरणात राहते ती नटांच्या नावाने. ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ म्हटले की दिलीप प्रभावळकरांचे आबा डोळ्यांपुढे उभे राहतात. दिग्दर्शक केदार शिंदे यांचे नाव आठवण्यास मात्र क्षणभर थांबावे लागते. २००१ मध्ये अल्फा मराठी वाहिनीवर आलेल्या या मालिकेस प्रभावळकरांच्याच ‘अनुदिनी’चा आधार होता. दैनंदिनीत घडते थोडे, भाष्यच अधिक. ते भाष्य एका मध्यमवर्गीय घराच्या बोलण्याचालण्यात उतरवावयाचे, आणि तेही कोणास विदूषक न बनविता, हे काम दिग्दर्शकाचे होते.

शिंदे हे शाहीर साबळे यांचे नातू. ‘महाराष्ट्राची लोकधारा’मध्ये त्यांची उमेदवारी झाली. प्रेक्षक कोठे हसतो आणि कोठे कंटाळतो, याचा हिशेब रंगमंचावर जागच्या जागी चुकता होतो. कॅमेऱ्यापुढे तो होत नाही. पुढे २००२ मधील ‘सही रे सही’ हे नाटक काय किंवा २०२३ मधील ‘बाईपण भारी देवा’ हा चित्रपट काय, दोहोंच्या यशामागे ही शिदोरी आहे असे आम्हांस वाटते. नमन-खेळ्यांतील संकासुराने प्रेक्षकांची घेतलेली फिरकी ज्यांनी पाहिली आहे, त्या रत्नागिरीकरांस हे निराळे सांगावयास नको.

या रत्नागिरीत राज्य नाट्य स्पर्धेसाठी कचेरी आणि शाळा सांभाळून तालमी करणारे हौशी दिग्दर्शक आहेत. त्यांपैकी एखाद्याने उद्या मुंबईस जाऊन विनोदी मालिका करावयाचे ठरविले, तर त्यास जागा कोठे आहे? टिपरे आठवड्यातून एकदा भेटत. आता मालिकांचा रोजचा रतीब असतो. दररोज एक भाग हातावेगळा करणाऱ्यास दोन वाक्यांमधील विराम जोखण्याची सवड कोठून मिळणार? तो रजेवर गेला आणि दुसरा उभा राहिला, तरी प्रेक्षकास पत्ता लागत नाही! प्रहसनांच्या कार्यक्रमांस बरे दिवस आहेत, हे खरे. परंतु प्रहसन काही मिनिटांत आटोपते. त्यातील माणसे आपल्यासोबत वर्षे काढीत नाहीत.

२०२४ मध्ये शिंदे यांच्याकडे कलर्स मराठी वाहिनीच्या कार्यक्रमांची धुरा आली. विनोदी मालिकेचा दिग्दर्शक निर्णयाच्या खुर्चीवर बसतो, असे क्वचितच घडते. अशा खुर्चीकडे मागणे मोठे नाही: आठवड्यास एक भाग, आणि आरंभापासून अखेरपर्यंत एकच दिग्दर्शक. जाहिरातदार कुरकुर करतील. टिपऱ्यांच्या काळीही जाहिरातदार होतेच.