पाण्याचाही पंचनामा हवा

कोरेगाव भीमाच्या पुलावरून नगर रस्त्याची वाहनं रात्रंदिवस धावतात. खाली भीमेच्या पात्रात मात्र आता जाळं टाकणारा माणूस क्वचितच दिसतो. माझ्या ओळखीचे एक भोई बापलेक अजून नदीवर जातात. बाप जाळ्याची दोरी मनगटाला बांधतो, अर्धं जाळं खांद्यावर घेतो आणि कमरेतून वळून असं फेकतो, की शिशाच्या मण्यांची कड पाण्यावर एकदम गोल पडते. पोरगा शेजारी उभा राहून शिकतो. "घाई करू नको रे, आधी पाणी बघ," बाप म्हणतो.

हे पाणी बघणं त्यांच्या घरात पिढ्यान्पिढ्या चालत आलं आहे. पहिल्या पुराला मासा अंडी घालायला वर चढतो, वाम कपारीत दडते, मरळ संथ पाण्यात पिलं राखते. बापाच्या मागे चिखल तुडवल्याशिवाय ही जाण येत नाही.

पण तुळापूरला इंद्रायणी भीमेला मिळते ती पिंपरी-चिंचवडचं सांडपाणी घेऊनच. पुढे रांजणगाव सांडसला मुळा-मुठा पुण्याची घाण आणून ओतते. मैला कुजताना पाण्यातला प्राणवायू संपतो आणि मासा गुदमरतो. जलपर्णी माजली की जाळं फेकायला मोकळी जागा उरत नाही. बंधाऱ्यांनी माशाची वर चढायची वाट अडवली आहे. जाळ्यात येते ती बहुतेक चिलापी. मूळची आफ्रिकेतली ही मासळी गढूळ, घाण पाण्यातही तग धरते.

"पोरं शिकली, म्हणून धंदा बुडाला," असं आपण सहज बोलून जातो. मला ते मान्य नाही. या पोराचा जीव नदीत आहे. कारखान्यात पाळीला जातो तो पोटासाठी.

राज्य सरकारने 2025 मध्ये मत्स्यव्यवसायाला कृषीचा दर्जा दिला, हे चांगलंच झालं. आता तो शब्द खरा करावा. गारपिटीने पीक गेलं तर पंचनामा होतो. भोयाचं शेत म्हणजे नदी. तिचं पाणी नासलं तर त्याचाही पंचनामा व्हावा, आणि ज्याने नासवलं त्याच्याकडून भरपाई वसूल व्हावी. नदी सुधारण्याच्या बैठकांतही भोई बापलेकांना मानाने बोलवावं. सांडपाणी किती शुद्ध झालं, हे यंत्र सांगेल. कोणता मासा परत आला, हे त्यांनाच विचारावं लागेल.